चकमकीच्या दगडाची हत्यारे: घडवणारे हात आणि मागे राहिलेले छिलके

मूळ धागा

इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्याजवळ बॉक्सग्रोव्ह नावाचे गाव आहे. सुमारे ४,८०,००० वर्षांपूर्वी तेथे खडूच्या पांढऱ्या कड्याच्या पायथ्याशी सपाट चिखलवट पसरलेली होती, आणि त्या चिखलवटीवर एके दिवशी काही माणसांनी एक मोठा घोडा सोलून, कापून खाल्ला. उत्खननात घोड्याची हाडे सापडली आणि त्यांवर दगडी धारेचे ओरखडेही सापडले. मला मात्र या जागेची ओढ लागली ती हाडांभोवती विखुरलेल्या चकमकीच्या दगडाच्या छिलक्यांमुळे. संशोधकांनी ते असंख्य तुकडे वर्षानुवर्षे खपून एकमेकांना जुळवले, तेव्हा मूळ दगडाचा बाहेरचा आकार पुन्हा उभा राहिला आणि मध्ये पोकळी उरली, हातकुऱ्हाडीच्या, म्हणजे दांड्याशिवाय थेट हातात धरायच्या दगडी हत्याराच्या, आकाराची. घडवलेली कुऱ्हाड माणसाने सोबत नेली होती. ती कशी घडली, पहिला घाव कुठे बसला, दगड हातात कितीदा उलटला, हे सारे टाकून दिलेल्या कपच्यांनी जपून ठेवले. एका ठिकाणी तर छिलक्यांच्या मध्ये राहिलेल्या रिकाम्या जागेवरून, घडवणारा गुडघे टेकून बसला होता, हेदेखील ओळखता आले.

संग्रहालयात आपण काचेमागचे हत्यार पाहतो, पाटीवरचा काळ वाचतो आणि पुढे सरकतो. माझे म्हणणे असे आहे की हत्यार हे त्या कामाचे शेवटचे टोक आहे. काम समजून घ्यायचे असेल, तर त्या माणसाने जे टाकून दिले त्याच्याकडे पाहायला हवे. या दृष्टीने मी गेली काही वर्षे जे वाचले आणि पाहिले ते येथे मांडतो. जाणकारांनी भर घालावी आणि चुकले असेल तेथे सांगावे.

प्रथम दगडाविषयी. युरोपातील चकमकीचा दगड मुख्यतः खडूच्या थरांत गोट्यांच्या किंवा सलग पट्ट्यांच्या रूपाने मिळतो. हे थर क्रिटेशस कल्पाच्या उत्तरार्धात, म्हणजे सुमारे १० कोटी ते ६.६ कोटी वर्षांपूर्वी, समुद्राच्या तळाशी साचले. सागरी स्पंज आणि इतर सूक्ष्म जीवांच्या सांगाड्यांतील सिलिका विरघळून पुन्हा घट्ट झाली आणि तिचे हे गोटे बनले. वरून पांढरी, खरबरीत साल आणि आत काळा, करडा किंवा मधासारखा तपकिरी गर असे त्याचे रूप असते. रासायनिकदृष्ट्या तो क्वार्ट्झच आहे. पण त्यातील स्फटिक इतके बारीक असतात की दगडाला ठरावीक चिरफळ्याच नसतात. घाव ज्या दिशेने जाईल त्या दिशेने तो फुटतो, आणि फुटलेली बाजू शिंपल्याच्या आतल्या भागासारखी गुळगुळीत व वळणदार असते. भूशास्त्रात याला शंखाभ भंग म्हणतात. काठिण्य सातच्या आसपास, म्हणजे साध्या पोलादी सुरीने त्यावर ओरखडा उठत नाही. कठीण, एकजीव आणि हव्या त्या दिशेला फुटणारा असा दगड क्वचितच मिळतो, आणि म्हणूनच माणसाने त्याचा लाखो वर्षे पाठपुरावा केला.

आता घाव. मूळ दगडाला आपण गाभा म्हणू आणि त्यातून निघणाऱ्या तुकड्याला छिलका. गाभ्याच्या ज्या कडेवर ठोकायचे, तेथे वरची व बाजूची पातळी मिळून होणारा कोन काटकोनापेक्षा लहान असावा लागतो. तो मोठा असेल, तर कितीही जोर लावला तरी कड ठेचली जाते आणि छिलका सुटत नाही. घाव कडेच्या किंचित आत आणि तिरपा बसला, तर त्याचा जोर दगडात शंकूसारखा पसरतो आणि पातळ, धारदार तुकडा खाली गळून पडतो. त्याच्या आतल्या अंगाला, घाव बसला त्या जागेखाली, एक गुळगुळीत फुगवटा असतो आणि तेथून वलये पसरत जातात, शांत पाण्यात खडा टाकल्यावर पसरतात तशी. गाभ्यावर त्याच फुगवट्याचा खळगा राहतो. डोंगरावरून कोसळलेल्या दगडालाही एखादा असा फुगवटा येऊ शकतो. पण एकामागून एक, एकाच हेतूने काढलेल्या छिलक्यांचे खळगे निसर्गात सहसा मिळत नाहीत, आणि हत्यार ओळखायचे ते या क्रमावरून.

ठोकण्याची साधने दोन प्रकारची असतात. नदीतला कठीण गोल गोटा जाड आणि ठळक फुगवट्याचा छिलका काढतो, त्यामुळे सुरुवातीची ओबडधोबड कामे त्याने होतात. हरणाचे शिंग, हाड किंवा कठीण लाकूड दगडापेक्षा मऊ असते. ते घावाच्या वेळी दगडाच्या कडेला क्षणभर धरून ठेवते, आणि त्यामुळे लांब, रुंद व पातळ छिलका निघतो. बॉक्सग्रोव्हला दोन्ही होते. तेथे शिंगाचा हातोडा मिळाला आहे, आणि त्याच घोड्याची हाडे दगडाची धार नीट करण्यासाठी वापरल्याचेही दिसते. शिकार समोर पडली असताना तिच्याच हाडाने हत्यार धारदार करायचे, हे मला फार विलक्षण वाटते.

प्रतिसाद १

लेख आवडला. एक शंका आहे. लहानपणापासून आम्ही पांढऱ्या, चकाकणाऱ्या दगडांना गारगोटी म्हणत आलो आणि अंधारात दोन गारगोट्या घासून ठिणगी पाहण्याचा खेळही खेळलो. शब्दकोशांतही काही ठिकाणी या दगडाला गारगोटी म्हटलेले आढळते. मग चकमकीचा दगड आणि गारगोटी एकच का? असल्यास आपल्याकडे नदीकाठी जे पडलेले असते तेच युरोपातील माणसे वापरत होती, असे म्हणता येईल काय?

धागाकर्ता

फार चांगला प्रश्न आहे. या शब्दामुळे खरोखरच गोंधळ होतो.

गारगोटी हा शब्द आपण ढोबळपणे कोणत्याही पांढऱ्या किंवा अर्धपारदर्शक सिलिकामय दगडाला वापरतो. दख्खनचे पठार बेसाल्टचे, म्हणजे आपल्या काळ्या पाषाणाचे आहे. लाव्हा थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या, आणि पुढे त्या पोकळ्यांमध्ये सिलिका साचून कॅल्सेडनी, अकीक, जास्पर आणि स्फटिकरूप क्वार्ट्झ तयार झाले. पाषाण झिजला की ही खनिजे सुटी होऊन शेतात आणि नदीपात्रात येतात. खडूच्या थरांतून निघणारा युरोपातील दगड यांचा जवळचा भाऊ आहे, रचना पुष्कळशी तीच आहे, पण जन्म वेगळा आहे. आपल्याकडे खडूचे तसे थर नाहीत, म्हणून तसा दगडही नाही. त्याचे काम येथे कॅल्सेडनीने आणि चर्ट या तशाच सिलिकामय दगडाने केले.

ठिणगीविषयी. दोन गारगोट्या घासल्यावर अंधारात दिसतो तो दगडातलाच मंद उजेड असतो, त्याने कापूस पेटत नाही. पेट घेईल अशी ठिणगी लोखंडाची असते. कठीण दगडाची धार लोखंडाचा सूक्ष्म कण खरवडून काढते आणि तो कण हवेत जळतो. आपल्या चकमकीच्या संचात दगडाबरोबर पोलादाचा तुकडा असायचा तो यासाठीच. लोखंड नव्हते तेव्हा त्याची जागा पायराइट या लोह-गंधकाच्या खनिजाने घेतली होती. फ्रान्समध्ये सापडलेल्या सुमारे ५०,००० वर्षांपूर्वीच्या निअँडरथल, म्हणजे आज नामशेष झालेल्या एका मानवप्रकारातील, माणसांच्या हातकुऱ्हाडींच्या सपाट बाजूंवर असे खनिज पुन्हापुन्हा आपटल्याच्या खुणा मिळाल्या आहेत. चकमक हा शब्द तुर्की आहे. तो बंदुकीबरोबर आणि तंबाखूच्या बटव्याबरोबर मराठीत इतका रुजला की दोन सैन्यांच्या तुकड्या समोरासमोर आल्या की चकमक उडते, असेच आपण म्हणतो.

प्रतिसाद २

आमचे घराणे पाथरवटांचे. माझे आजोबा जाती, पाटे आणि उखळे घडवत असत, आणि मी लहानपणी त्यांच्याजवळ बसत असे. हत्यारे घडवणाऱ्या आदिमानवाविषयी वाचताना मला त्यांची आठवण झाली, म्हणून लिहितो.

दगड हाती घेतला की आजोबा आधी तो हातोडीने हलकेच वाजवून पाहत. आवाज खणखणीत आला तर दगड ठेवत. बद्द आवाज आला तर आत तडा आहे असे सांगून तो बाजूला करत. वरून तो तडा कोणालाही दिसत नसे. चकमकीचा दगड घडवणारेही असेच वाजवून पाहतात काय? दुसरे असे की काळ्या पाषाणाला आम्ही टाकीने टिपून घेतो, म्हणजे थोडाथोडा चुरा काढत आकार आणतो. तुम्ही सांगता तसा एका घावात लांब पापुद्रा निघणे आमच्या कामात नाही. त्यामुळे दगड तोच कठीण असला, तरी ही कला निराळी दिसते.

प्रतिसाद ३

वरील प्रतिसादातील पहिल्या प्रश्नाचे उत्तर मी स्वानुभवाने देऊ शकते. होय, अगदी तसेच वाजवतात.

मी शिक्षणासाठी डेन्मार्कमध्ये होते तेव्हा एका आठवड्याच्या कार्यशाळेत हा दगड घडवायला शिकले. शिकवणाऱ्यांनी पहिल्या सकाळी आम्हाला ढिगातून दगड निवडायला सांगितले. आम्ही दिसायला सुबक दगड उचलले. त्यांनी प्रत्येक दगड बोटांवर तोलून, छोट्या गोट्याने वाजवून निम्म्याहून अधिक परत ढिगात टाकले. गोठून तडे गेलेला दगड काचेच्या फुटक्या भांड्यासारखा वाजतो. तो घडवायला घेतला तर तो कुठेही फुटतो आणि सारे श्रम वाया जातात.

डाव्या मांडीवर जाड चामडे, त्यावर गाभा आणि उजव्या हातात गोटा, असे बसायचे. डोळ्यांना चष्मा सक्तीचा. पहिले दोन दिवस माझ्याकडून एकच चूक सतत होत राहिली: घाव बसे, छिलका सुटू लागे, पण तो दगडाच्या पृष्ठभागावरून पुढे सरकत जाण्याऐवजी मध्येच तुटे आणि गाभ्यावर एक छोटी पायरी राही. त्यानंतरचा प्रत्येक छिलका त्याच पायरीपाशी येऊन थांबे, पायरी वाढत जाई आणि अखेरीस तो गाभा निकामी होई. मी अधिक जोर लावत असे. गुरुजींनी माझा हात धरून थांबवले आणि ठोकायची कड वाळूच्या दगडाने घासायला लावली. कड घासून बोथट केली की ती घाव सहन करते, चुरा होत नाही, आणि मग अर्ध्या जोराने दुप्पट लांब छिलका येतो. त्या दिवशी संध्याकाळी पहिल्यांदा एक सलग, हाताच्या बोटाएवढा छिलका चामड्यावर पडला. ताज्या फुटलेल्या दगडाला जळकट वास येतो, तो मला अजून आठवतो. त्या छिलक्याने मी वर्तमानपत्राचा कागद उभा धरून कापला, आणि नंतर अंगठाही.

एकूण वेळापैकी ठोकण्यात फार थोडा वेळ जातो. बाकीचा वेळ दगड फिरवून पाहण्यात, पुढचा घाव कुठे आणि त्यासाठी आधी कोणती कड तयार करायची हे ठरवण्यात जातो. धागाकर्त्यांनी छिलक्यांचे महत्त्व सांगितले ते मला म्हणूनच पटते. छिलक्याच्या टोकावर कड घासल्याची खूण राहते, आणि ती पाहिली की घडवणारा तेथे थांबून विचार करत होता, हे दिसते.

डेन्मार्कमध्ये ही कला इ. स. पू. २३५० नंतरच्या काही शतकांत अशा टोकाला गेली की दगडी खंजिरांची पाती धातूच्या पात्यांशी स्पर्धा करू लागली. हिंड्सगाव्हल येथे मिळालेला खंजीर सुमारे ३० सेंटीमीटर लांब आणि एक सेंटीमीटरपेक्षाही कमी जाड आहे. डेन्मार्कच्या शंभर क्रोनरच्या नोटेवर त्याचे चित्र छापले गेले. काही खंजिरांच्या मुठींवर तर चामडे शिवल्यासारखी नागमोडी शिवण दगडातच काढलेली आहे.

ज्यांना हे करून पाहायचे असेल त्यांना एक कळकळीची विनंती: बंद खोलीत करू नका. या दगडाची धूळ फुप्फुसात साचते आणि सिलिकोसिस होतो. इंग्लंडमधील ब्रँडन गावात बंदुकांसाठी चकमकीचे तुकडे घडवण्याचा धंदा विसाव्या शतकापर्यंत टिकून होता, आणि तेथील कारागीर या धुळीपायी अकाली गेले.

प्रतिसाद ४

घडवण्याविषयी खूप कळले. पण कोणते हत्यार कशासाठी वापरले हे कसे ठरवतात? तासणी, छिद्रक, सुरी ही नावे आजच्या माणसाने आकारावरून दिलेली आहेत ना?

धागाकर्ता

आपली शंका रास्त आहे, आणि शंभर वर्षांहून अधिक काळ अभ्यासक केवळ आकारावरूनच नावे देत होते. हे बदलले ते लेनिनग्राडचे (आजचे सेंट पीटर्सबर्ग) पुरातत्त्वज्ञ सर्गेई सेम्योनोव यांच्यामुळे. दगडी धारेवर सूक्ष्मदर्शकाखाली दिसणाऱ्या झिजेवरून तिचा वापर ओळखता येतो, हे त्यांनी १९५७ साली प्रसिद्ध केलेल्या संशोधनात दाखवले. ओरखडे धारेला समांतर असतील तर कापण्याची क्रिया, काटकोनात असतील तर तासण्याची. पुढे अमेरिकन पुरातत्त्वज्ञ लॉरेन्स कीली यांनी अधिक मोठ्या भिंगाखाली धारेवर चढणारी चकाकी तपासली. लाकूड, हाड, ओले कातडे, मांस यांवर काम केल्यावर येणारी चकाकी वेगवेगळी असते. ही पद्धत खरी की भास, हे पाहण्यासाठी एका सहकाऱ्याने नवी हत्यारे घडवून, वेगवेगळ्या कामांना वापरून, काहीही न सांगता कीली यांच्याकडे तपासायला दिली. त्यांची पुष्कळशी उत्तरे बरोबर आली. अशी परीक्षा जाहीरपणे देणारा अभ्यासक मला फार आदरणीय वाटतो.

या तपासण्यांतून काही ठाम समजुती ढासळल्या. सुबक हत्याराशेजारी पडलेला, पुढे काहीही न घडवलेला साधा छिलका अनेकदा खरी सुरी निघाला. ताज्या छिलक्याची धार इतकी तीक्ष्ण असते की मांस कापायला तिच्यावर आणखी काही करण्याची गरजच नसते. धारेवर बारीक टवके काढून केलेली तासणी कातड्यासाठी असते, कारण तेथे फार तीक्ष्ण धार कातडे फाडते. थोडी बोथट, मजबूत कडच हवी असते. सर्वांत ओळखीची खूण विळ्याच्या पात्यांवर मिळते. धान्याच्या ताटांत सिलिका असते, आणि हजारो ताटे कापल्यावर दगडाच्या धारेवर नुसत्या डोळ्यांना दिसेल असा आरशासारखा पट्टा चढतो. पश्चिम आशियातील नातूफी लोकांच्या पात्यांवर तो आहे, म्हणजे शेती नीट सुरू होण्याच्या आधीपासून माणूस रानटी धान्य कापत होता.

पाती हातात धरून वापरली असे आपण समजतो, पण पुष्कळ पाती लाकडात किंवा हाडात बसवलेली होती. इटलीतील कांपितेल्लो येथे सुमारे २,००,००० वर्षांपूर्वीच्या दगडी छिलक्यांवर भूर्जवृक्षाच्या सालीचे डांबर चिकटलेले मिळाले. ही साल नुसती पेटवली तर जळून जाते. तिच्यातून डांबर गाळायला उष्णतेवर ताबा लागतो. निअँडरथल माणसांना तो होता.

प्रतिसाद ५

एखादे हत्यार प्रत्यक्ष वापरात असताना कसे दिसत असेल याचे सर्वांत जिवंत उदाहरण ओत्झी होय, म्हणून त्याच्याविषयी लिहिल्यावाचून राहवत नाही.

सप्टेंबर १९९१ मध्ये आल्प्स पर्वतात, इटली आणि ऑस्ट्रियाच्या सीमेवर, बर्फात एका माणसाचा देह मिळाला. तो सुमारे ५,३०० वर्षांपूर्वीचा आहे. त्याच्याजवळ तांब्याची कुऱ्हाड होती आणि कमरेला चकमकीच्या दगडाचा खंजीर होता: पाते अ‍ॅश नावाच्या झाडाच्या लाकडी मुठीत बसवून प्राण्याच्या स्नायुतंतूंनी बांधलेले, आणि त्याला झाडाच्या अंतर्सालीची विणलेली म्यान. पट्ट्याच्या बटव्यात एक तासणी, एक छिद्रक आणि एक पातळ छिलका. शिवाय पेन्सिलीसारखे दिसणारे एक साधन, युरोपीय लिंडन वृक्षाच्या लाकडात हरणाच्या शिंगाचे टोक ठोकून बसवलेले. प्रथम ते काय आहे हे कोणाला कळेना. ते धार लावण्याचे साधन होते. शिंगाचे टोक पात्याच्या कडेवर टेकवून जोराने दाबले की बारीक छिलका उडतो आणि बोथट कड पुन्हा धारदार होते. ठोकायचे नाही, दाबायचे.

२०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात त्याच्या हत्यारांची झीज तपासली गेली. तो उजव्या हाताने काम करणारा होता. दगड एका जागचा नव्हता, दक्षिणेकडील वेगवेगळ्या डोंगरांतून आलेला होता. आणि हत्यारे पुन्हापुन्हा धार लावून अगदी लहान झालेली होती. खंजिराचे टोकही तुटलेले होते. नवा दगड त्याला बरेच दिवस मिळाला नसावा, असे अभ्यासकांनी म्हटले आहे. त्याच्या डाव्या खांद्यात चकमकीच्या दगडाचे बाणाचे टोक रुतलेले आहे, आणि ते २००१ मध्ये क्ष-किरण तपासणीत दिसले. त्यानेच त्याचा जीव घेतला.

प्रतिसाद ६

दाबून छिलका काढण्याविषयी वरती आलेच आहे, त्यात महाराष्ट्रातली भर घालतो. ताम्रपाषाणयुगात, म्हणजे नेवासे, दायमाबाद, इनामगाव येथे वस्ती होती त्या काळी, तांबे दुर्मीळ होते आणि रोजची कापाकापी कॅल्सेडनीच्या पात्यांनीच चालत असे. घोड नदीकाठच्या इनामगावला डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले, तेथे अशी पाती विपुल मिळाली. पद्धत अशी होती: गाभ्याच्या एका बाजूला दोन्हीकडून आळीपाळीने टवके काढून उभा कंगोरा तयार करायचा. पहिले पाते तो कंगोरा सोबत घेऊन निघते. ते निघून गेले की त्याच्या जागी दोन सरळ उभ्या कडा राहतात, आणि मग त्या कडांच्या आधाराने एकामागून एक समांतर कडांची पाती सुटत जातात. शेवटी गाभा पन्हळीदार उभ्या खाचांचा उरतो. पहिले कंगोरेदार पाते वापराला फारसे उपयोगी नसते. तरीही उत्खननात ते मिळाले की अभ्यासकाला आनंद होतो, कारण पाती तेथेच घडवली जात होती याचा तो पुरावा असतो. धागाकर्त्यांचे म्हणणे येथेही लागू पडते.

धागाकर्त्यांच्या एका विधानात मात्र थोडी दुरुस्ती सुचवतो. शिंगाच्या हातोड्याने पातळ छिलका निघतो हे बरोबर, परंतु नुसत्या छिलक्याकडे पाहून हातोडा दगडाचा होता की शिंगाचा हे नेहमी सांगता येत नाही. वाळूच्या दगडाच्या मऊ गोट्यानेही शिंगासारखेच छिलके निघतात.

धागाकर्ता

दुरुस्ती मान्य आहे. मी ते विधान फार ठामपणे केले होते.

प्रतिसाद ७

गुजरातमधील खंभातला मी अकीकाचे मणी घडवणारे कारागीर काम करताना पाहिले आहेत. जमिनीत तिरपी रोवलेली, टोकदार लोखंडी सळई असते. कारागीर तिच्या टोकावर दगडाची कड टेकवतो आणि दगडाच्या दुसऱ्या बाजूवर, काठीला लावलेल्या म्हशीच्या शिंगाच्या हातोडीने हलका टोला देतो. छिलका हातोडीच्या बाजूने उडत नाही, सळईच्या बाजूने उडतो. हात इतका सराईत असतो की काही क्षणांत ओबडधोबड खडा मण्याच्या आकाराला येतो.

त्याआधी दगड मडक्यात भरून शेणी किंवा भुशाच्या मंद आचेवर तापवतात. त्याने रंग लालसर होतो आणि दगड फुटायलाही सोपा होतो. युरोपात सुमारे २२,००० वर्षांपूर्वी सुरू झालेल्या सोल्युट्रियन काळातील लोकही चकमकीचा दगड असाच सावकाश तापवत होते, आणि लॉरेलच्या पानासारखी त्यांची पातळ भाल्याची टोके घडवण्यात त्या तापवण्याचा वाटा होता. घाईने तापवला तर दगड तडतडून फुटतो. खंभातलाही धुळीचा तोच आजार आहे, हे प्रतिसाद ३ वाचून लिहावेसे वाटले.

प्रतिसाद ८

या दगडांना माणसाने घडवले आहे हे मान्य व्हायलाच किती काळ गेला, तेही सांगावेसे वाटते. जॉन फ्रियर यांनी १७९७ मध्ये इंग्लंडमधील हॉक्झन येथून, बारा फूट खोल थरात सापडलेल्या हातकुऱ्हाडींविषयी पत्र लिहिले आणि त्या धातू ठाऊक नसलेल्या लोकांच्या आहेत, असे स्पष्ट म्हटले. कोणी फारसे लक्ष दिले नाही. फ्रान्समध्ये सोम नदीच्या खोऱ्यात बूशे द पर्थ यांनी वर्षानुवर्षे अशीच हत्यारे नामशेष प्राण्यांच्या हाडांसोबत गोळा केली. १८५९ मध्ये प्रेस्टविच आणि एव्हान्स या इंग्रज अभ्यासकांनी जाऊन थर डोळ्यांनी पाहिले, तेव्हा विद्वानांचे मत पालटले. ती बातमी वाचलेले रॉबर्ट ब्रूस फूट भारतात भूशास्त्रीय सर्वेक्षणात होते. ३० मे १८६३ रोजी मद्रासजवळ पल्लावरम येथे त्यांनी दगडी हत्यार उचलले आणि ते ओळखले. ते क्वार्ट्झाइट या वेगळ्या कठीण दगडाचे होते, चकमकीचे नव्हते. घाव मात्र तेच होते.

धागाकर्ता

सर्वांचे मनापासून आभार. दोन गोष्टी राहिल्या आहेत, त्या लिहितो.

पहिली खाणीविषयी. इंग्लंडमधील नॉरफोक परगण्यात ग्राइम्स ग्रेव्ह्ज येथे इ. स. पू. २६०० च्या सुमारास लोक चकमकीच्या दगडासाठी विहिरींसारखे खोल खड्डे खणत होते. असे चारशेहून अधिक खड्डे तेथे आहेत, आणि त्यांतील काही बारा मीटरहून खोल आहेत. वरच्या थरांत दगड मिळत असूनही ते तो ओलांडून खाली जात, कारण सर्वांत खालच्या थरातला काळाभोर दगड एकजीव आणि मोठ्या चिपांचा होता. तळाला पोहोचल्यावर चहूबाजूंना ठेंगणे बोगदे काढत, ज्यांत माणसाला आडवे पडूनच काम करावे लागे. कुदळ म्हणून लाल हरणाची शिंगे वापरत, आणि ती बहुतांशी हरणांनी ऋतूनुसार गाळलेली, रानातून वेचून आणलेली असत. म्हणजे खाणीच्या आधी शिंगे वेचणे आणि साठवणे हेही एक काम होते. ग्रीनवेल या धर्मगुरूंनी १८६८ ते १८७० या काळात तेथला एक खड्डा उपसला, तेव्हा खाली टाकून दिलेल्या शिंगांवर ओल्या खडूचा लेप तसाच होता आणि त्यावर खाणकऱ्यांच्या हातांचे ठसे उमटलेले होते.

दुसरी गोष्ट शिकण्याविषयी. प्रतिसाद ३ मधील पायरीची हकिकत वाचून ती आठवली. पॅरिसच्या दक्षिणेला सीन नदीकाठी एत्योल येथे हिमयुगाच्या अखेरच्या काळातील, म्हणजे मॅग्डालेनियन लोकांचे तळ मिळाले आहेत. तेथल्या एका चुलीभोवतीचे दगड अभ्यासकांनी छिलक्याला छिलका जोडून पुन्हा उभे केले. चुलीच्या अगदी जवळ, उजेडात आणि उबेत, उत्तम दगडाचे मोठे गाभे निर्दोष हाताने फोडलेले होते, आणि त्यांची लांब पाती वापरासाठी उचलून नेलेली होती. चुलीपासून जसजसे दूर जावे तसतसे काम कच्चे होत जाते. सर्वांत बाहेरच्या जागी लहान, हलक्या प्रतीचे किंवा इतरांनी वापरून टाकलेले गाभे आहेत. त्यांवर एकाच जागी पुन्हापुन्हा घाव घातलेले आहेत, कोन चुकलेला आहे, कड ठेचलेली आहे, छिलके मध्येच तुटून पायऱ्या राहिलेल्या आहेत. त्यांतून एकही वापरण्याजोगे पाते निघालेले नाही, आणि त्यांचे जवळपास सगळे तुकडे जिथल्या तिथे पडलेले आहेत. ते मुलांचे काम असावे, असे अभ्यासक मानतात. मोठ्यांनी त्यांना चांगला दगड दिला नाही, पण दगड दिला, आणि चुलीपासून थोडे दूर का होईना, बसायला जागा दिली.